दुखणं खाली, दाढ वर

सव्वीस वर्षांपूर्वी ज्या माणसाने तिला तोंडी परीक्षेत नापास केलं होतं, तो माणूस मंगळवारी दुपारी पावणेएक वाजता डाव्या गालाला हात लावून तिच्या दवाखान्याचा जिना चढला.

जिना अरुंद आणि चढा. खाली चपलांचं दुकान, वर दवाखाना. दात दुखणारा माणूस बावीस पायऱ्या चढून आला की दारातच गयावया करायला लागतो, असा तिचा अनुभव होता. हा माणूस तसा झालेला नव्हता. त्याची लेक फाइल घेऊन मागून येत होती आणि तो तिला वळणावरून बजावत होता की कठड्याला हात लावू नकोस, धूळ आहे.

काचेच्या दारातून ती आकृती दिसताच तिने जेवणाचा डबा मिटला, उभी राहिली आणि कोटाची बटणं लावली. कोटाची बटणं ती एरवी कधीच लावत नसे. मदतनीस मावशींनी विचारलं, "कोण आलंय?"

"आमचे सर," ती म्हणाली, आणि स्वतःच्या आवाजाचा तिला राग आला. वय अठ्ठेचाळीस, स्वतःचा दवाखाना, दारावर स्वतःची पाटी, आणि आवाज मात्र दुसऱ्या वर्षातल्या मुलीचा.

कॉलेजात सरांना सगळे पक्कड म्हणत, अर्थात पाठीमागे. दात उपटण्याशी त्या नावाचा संबंध नव्हता. उलट सर दात वाचवण्याचा विषय शिकवत. पण एखाद्याची चूक एकदा चिमटीत सापडली की मुळासकट बाहेर आल्याशिवाय ते सोडत नसत, म्हणून पक्कड. सरही विद्यार्थ्यांना नावं ठेवत, आणि तीही तोंडावर. ज्याचा हात कापायचा तो थरथर. ज्याच्या हातून सगळं निसटायचं तो लोणी. हिचं नाव शंकाबाई. पण हे नाव तिला नापास झाल्यावर मिळालं, आधी नाही.

त्या परीक्षेत सरांनी विचारलं होतं, "पेशंट आलाय. ठणका लागलाय, जीव नकोसा झालाय. खालच्या दाढेवर बोट ठेवून म्हणतो, ही दुखते. तू काय करशील?"

"ती दाढ उघडेन सर. आतली सुजलेली नस काढेन, म्हणजे ठणका थांबेल."

सरांनी चष्मा काढून टेबलावर ठेवला होता. "पेशंटचं बोट ही जगातली सगळ्यात खोटारडी वस्तू. कळ कुठे येते ते त्याला कळतं, कुठून येते ते कळत नाही. किडते वरची दाढ आणि रडते खालची. तू आजार रेड्याला आणि औषध पखालीला देणारी डॉक्टर होणार. सहा महिन्यांनी भेटू."

सहा महिन्यांनी ती गेली ती प्रत्येक प्रश्नाला उलट चार प्रश्न विचारायची तयारी करूनच. पास झाली, आणि शंकाबाई झाली. पुढे त्या नावावरच तिने पोट भरलं. गावातल्या डॉक्टरांना नेमकी कुठली दाढ दुखतेय ते उमगलं नाही, की ते पेशंट तिच्याकडे पाठवत. लोक कपाळाला हात लावून यायचे, कानाच्या डॉक्टरकडे महिनाभर खेपा घालून यायचे, आणि ती थंड, गरम, ठोकून, चाववून एकेका दाताची उलटतपासणी घ्यायची. पेशंटच्या बोटावर तिने त्यानंतर कधीच विश्वास ठेवला नव्हता.

सर खुर्चीत आडवे झाले. मावशींनी गळ्याला कागदी रुमाल लावला. तेवढ्यात सरांनी खिशातून घडी केलेला कागद काढला.

"हे वाच. निदान झालेलं आहे. तुला फक्त उघडायची आहे."

कागदावर तेच ठाशीव अक्षर होतं. रुग्ण, पुरुष, वय चौऱ्याहत्तर. शुक्रवारपासून डाव्या खालच्या जबड्यात आपोआप येणारी, कानाकडे जाणारी कळ. चहाने वाढते. आडवं झाल्यावर वाढते. उपचार: खालची दुसरी उपदाढ उघडणे. शेवटी सही.

"सर, नेमकं कुठे दुखतंय?"

सरांनी तोंड उघडलं आणि खालच्या डाव्या बाजूला, दाढांच्या पुढच्या लहान दातावर बोट ठेवलं. "ही."

ती त्या बोटाकडे बघत राहिली. नखं स्वच्छ कापलेली, बोट जरासुद्धा न हलणारं.

"सर, बोट," ती म्हणाली.

"मी पेशंट नाही," सर म्हणाले. गळ्यात कागदी रुमाल, पाय वर, डोकं खाली, अशा अवस्थेत.

तिने आरसा आत घातला. मागच्या दोन्ही मोठ्या दाढांवर ताजं पांढरं तात्पुरतं सिमेंट होतं. एकीवरचं गुळगुळीत, दुसरीवरचं घाईत लिंपल्यासारखं.

"या दोन कोणी उघडल्या?"

"शनिवारी मागची उघडली थरथरने. काल तिच्या पुढची, लोण्याने. दोघांनाही कळ काढता आली नाही. कामात राम नाही." सर दम खाण्यासाठी थांबले. ठणका आला असावा, त्यांच्या कपाळावर घाम दिसत होता. "आता राहिली ही."

"एक मिनिट सर," असं म्हणून ती बाहेर पॅसेजमध्ये गेली आणि थरथरला फोन लावला. थरथरचा आता तीन खुर्च्यांचा दवाखाना होता, बाहेर माशांची टाकी होती, आणि हाताखाली चार डॉक्टर होते.

"सर तुझ्याकडे पोचले का?" थरथरने आधीच विचारलं. "मीच पत्ता दिला. माफ कर हं."

"तू मागची दाढ उघडलीस. एक्स-रेत काय होतं?"

"काही नव्हतं."

"थंड लावून बघितलंस?"

"बघितलं. चांगली होती."

"मग का उघडलीस?"

"सर म्हणाले, उघड."

"आत काय निघालं?"

"लालभडक रक्त. ठणठणीत दाढ होती गं. मी सांगितलंसुद्धा त्यांना. म्हटलं, सर, ही निरोगी दिसते. तर म्हणाले, तुझा हात हलतोय म्हणून तुला तसं दिसतंय." थरथरने आवाज खाली आणला. "हात खरंच हलत होता. वीस वर्षांत हलला नव्हता."

"आणि लोणी?"

"त्याला विचारू नकोस. तो कालपासून फोन उचलत नाहीये."

फोन ठेवून ती पॅसेजमध्येच थोडी थांबली. खरं सांगायचं तर तिच्या मनात येऊन गेलं की उघडावी उपदाढ. माणूस स्वतः सांगतोय, सही करून सांगतोय, त्या विषयावरचं त्याचं पुस्तक तिच्या कपाटात आहे. तिसरी दाढही लाल रक्ताने भरून येईल, कळ जागच्या जागी राहील, आणि पक्कड सर बावीस पायऱ्या उतरून चौथ्या विद्यार्थ्याकडे जातील. त्यात तिला एक बारीकसा आनंदही दिसला, नाही असं नाही. सव्वीस वर्षं मुरलेला होता तो. मग दारातून तिला सरांचा हात दिसला. खुर्चीच्या दांडीवर बोटं पांढरी पडेपर्यंत आवळलेला. तिला लाज वाटली आणि ती आत गेली.

"सर, मी सगळं पहिल्यापासून बघणार आहे."

"वेळ फुकट जाईल."

"जाऊ दे."

तिने खालच्या उपदाढेवर थंडाव्याचा फवारा मारलेला कापसाचा बोळा टेकवला. सरांनी हात वर केला, म्हणजे थंड लागलं. बोळा काढला. दोन सेकंदांत हात खाली. नस जिवंत आणि निरोगी असल्याची हीच खूण. आरशाच्या दांड्याने ठोकून बघितलं, लाकडी काडी चाववून बघितली, काही नाही. एक्स-रेतही मुळाभोवती सगळं स्वच्छ.

"उपदाढ चांगली आहे, सर."

"दिसते चांगली."

"आता वरचे दात बघते."

सरांचं तोंड मिटलं. मिटलं म्हणजे दातखिळी बसावी तसं. त्यांच्या लेकीने कोपऱ्यातल्या स्टुलावरून मान खाली घातली.

"वर काही नाही," सर ओठांच्या फटीतून म्हणाले.

"बघायला काय हरकत आहे?"

"नाही म्हटलं ना."

तिने लेकीकडे बघितलं. लेक उठून जवळ आली, आणि वडिलांना ऐकू जाणार नाही अशा बेताने, म्हणजे त्यांना स्पष्ट ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाली, "वरच्या दाढेत चांदी आहे ना, ती आईने भरलेली. एकतीस वर्षं झाली. आई गेल्यापासून बाबा त्या दाढेला कोणाला हातसुद्धा लावू देत नाहीत. दर वर्षी सफाई करून घेतात, पण ती दाढ सोडून. आमच्याकडे सगळ्यांना ठाऊक आहे. मीच सांगते सगळ्यांना." तिचे डोळे भरून आले. "चार वर्षं झाली आईला जाऊन."

सरांच्या पत्नी त्याच कॉलेजात लहान मुलांच्या दातांच्या विभागात होत्या. मऊ आवाजाच्या, ठाम हातांच्या. नापास झाल्याच्या दिवशी त्यांनी हिला पाण्याच्या टाकीपाशी गाठून म्हटलं होतं, "रडून घे, पण ते म्हणाले ते विसरू नकोस. माणूस कटकट्या आहे, पण बोलला ते बरोबर आहे." ते तिला आठवलं. इतका कडक माणूस, आणि बायकोच्या हातच्या चांदीसाठी हे असं. तिचा सरांवरचा निम्मा राग तिथेच विरघळला. पुढे काय निघणार आहे याची तिला तेव्हा कल्पना नव्हती.

"सर," ती हळू म्हणाली, "मी काही काढत नाही. नुसता बोळा टेकवते. मॅडमची चांदी जागची हलणार नाही."

सर छताकडे बघत राहिले. मग त्यांनी तोंड उघडलं, जेमतेम दोन बोटं मावतील एवढं.

तिने बोळा वरच्या मागच्या दाढेला लावला. सरांचा हात हललाच नाही.

"थंड लागतंय?"

"नाही."

पण त्यांच्या डाव्या डोळ्याच्या कोपऱ्यातून पाण्याची एक सरळ रेघ कानाकडे निघाली होती. तिने बोळा काढला आणि भिंतीवरच्या घड्याळाकडे पाहिलं. दहा सेकंद. वीस. सरांची मान ताठ झालेली. तीस. मावशींनी नकळत सरांचा खांदा धरला होता. पंचेचाळिसाव्या सेकंदाला सरांनी श्वास सोडला.

"सर, काही जाणवलं?"

"विशेष काही नाही."

आयुष्यभर तिने खोटं बोलणारे पेशंट पाहिले होते. दात घासले म्हणणारे, गोळ्या घेतल्या म्हणणारे, कालपासूनच दुखतंय म्हणणारे. पण दाढेला लागलेली आग गिळून नाही म्हणणारा पहिलाच.

आता वाद घालण्यात अर्थ नव्हता, आणि दाढ उघडायची तर त्यांच्या हो शिवाय उघडता येणार नव्हती. तिने आपलं स्टूल ओढलं आणि त्यांच्या डोळ्यांसमोर येऊन बसली.

"सर, मी वरच्या दाढेपाशी भुलीची सुई देते. फक्त वर. खालचे दात त्याने बधिर होत नाहीत, हे तुम्हीच शिकवलंत. पाच मिनिटं थांबू. कळ तशीच राहिली, तर तुमचं बरोबर. मी लगेच उपदाढ उघडते, एक शब्द बोलत नाही."

"आणि थांबली तर?"

"तर मग माझं ऐकायचं."

सरांनी बराच वेळ विचार केला. मध्येच एक ठणका येऊन गेला, त्याने बहुधा निर्णयाला मदत केली असावी.

"सुई हळू टोच," ते म्हणाले. "तुम्हा लोकांना घाई फार."

तिने हळू टोचली. हिरडीत थेंब थेंब औषध सोडलं, गाल बोटांनी हलवत राहिली, जसं त्यांनीच शिकवलं होतं. मग सगळे घड्याळाकडे बघत बसले. बाहेर दोन पेशंट येऊन बसल्याचा आवाज आला. खाली कोणीतरी दुकानदाराशी एका नंबराने मोठ्या चपलेवरून हुज्जत घालत होतं. दोन मिनिटांनी सरांची दांडीवरची बोटं सैल झाली. तिसऱ्या मिनिटाला खांदे उतरले.

"सर, कळ आहे का?"

उत्तर नाही. तिने वाकून पाहिलं. सर झोपले होते. तोंड किंचित उघडं, एक बारीकशी शीळ श्वासात. चार दिवसांत डोळ्याला डोळा न लागलेला माणूस, कळ थांबल्याबरोबर, हरल्याचं कबूल करायच्या आधीच झोपून गेला.

"उठवू का?" मावशींनी विचारलं.

"पाच मिनिटं राहू द्या."

ती पाच मिनिटं पंचवीस झाली. तिने बाहेरच्या पेशंटपैकी एकाला उद्याची वेळ दिली, दुसऱ्याच्या दाताची जीभ कापणारी कड पॅसेजमधल्या खुर्चीत बसवून घासून दिली, आणि परत येऊन सरांच्या शेजारी बसली. झोपेत ते वेगळेच दिसत होते. कोणाचे तरी आजोबा असावेत तसे. लेक म्हणाली, "शुक्रवारपासून घरात आम्ही सगळे दात-ओठ खाऊन बसलोय. ते दुखणं सांगतही नव्हते. फक्त चूक काढत होते. मिठाची, पंख्याची, माझ्या चालण्याची."

सर जागे झाले ते एकदम. घड्याळ बघितलं, तिच्याकडे बघितलं, आणि जिभेने बधिर हिरडी चाचपली.

"बरोबर आहे," ते म्हणाले. "वरचीच आहे. मला शंका होतीच. म्हटलं, बघू ही काय करते."

मावशी खोकल्या. शंकाबाईने वरचा एक्स-रे काढून दाखवला. वरच्या दाढेत चांदी खोलवर गेलेली, नसेच्या अगदी उशाशी, आणि कडेला एक पुसट काळी सावली.

"चांदी काढावी लागेल, सर. त्याशिवाय आतपर्यंत पोचता येणार नाही."

लेकीने तोंडावर हात घेतला. सर नुसते "काढ" म्हणाले.

पुढचा तास कामाचा गेला. दाढेभोवती निळ्या रबराचा पडदा, फक्त ती एक दाढ वर आलेली. एकतीस वर्षांची चांदी तुकड्यातुकड्याने निघाली, आणि तिच्यासारखी बसवलेली चांदी शंकाबाईने फार पाहिली नव्हती. पण मागच्या कडेने, दातांच्या फटीत, पाझर लागला होता. केसाएवढ्या फटीतून कीड आत उतरली होती आणि तळाशी तपकिरी, मऊ झालेलं होतं. ती पुढे गेली तसं काळपट, दाटलेलं रक्त वर आलं. मुळांच्या नळ्या तिने बारीक सुयांनी एकेक करून साफ केल्या, औषधाने धुतल्या. चौथी नळी लपून बसली होती, तीही शोधली. आत औषध भरून तात्पुरतं सिमेंट लावलं आणि पडदा काढला.

आता तिला बोलायचं होतं आणि कसं बोलावं ते सुचत नव्हतं. लेक पाठीमागून मानेने नको नको करत होती. खोटं सांगणं सोपं होतं. दाढेला तडा गेला होता म्हणायचं, चांदी शाबूत होती म्हणायचं, झालं. पण समोरचा माणूस एक्स-रे वाचू शकत होता.

"सर, मॅडमची चांदी उत्तम होती," ती म्हणाली. "पण एका कडेने पाझर लागला होता. कीड खाली गेली होती. कधीपासून ते सांगता येत नाही. एकतीस वर्षं म्हणजे खूपच टिकली."

सरांनी पाण्याने चूळ भरली. बधिर गालातून थोडं पाणी कागदी रुमालावर सांडलं, ते त्यांनी स्वतः पुसलं.

"तिने सांगितलं होतं," ते म्हणाले.

"कोणी?"

"हिच्या आईने. त्या दिवशीच. कीड पार नसेला भिडली होती. ती म्हणाली, हे नुसतं भरून भागणार नाही, आताच नस काढून मुळं भरून घ्या, नाहीतर ही एक दिवस बोलेल." सर थांबले. "मी म्हटलं, काही बोलत नाही. भर चांदी."

"का सर?"

सरांनी भिंतीवरच्या दातांच्या तक्त्याकडे बघितलं. "भीती वाटायची मला. सुयांची. मुळांत सुया घालून घ्यायची."

दात वाचवण्याचा विषय त्या माणसाने चौतीस वर्षं शिकवला होता. हजारभर मुलांना त्याने सांगितलं होतं की नीट केलं तर पेशंटला काहीही कळत नाही.

"आठ दिवस भांडलो आम्ही," सर पुढे म्हणाले. "शेवटी तिने भरली. म्हणाली, तुमच्या हट्टापुढे शहाणपण चालत नाही, पण लक्षात ठेवा. मग दर वाढदिवसाला विचारायची. काय म्हणते दाढ? मी सांगायचो, ठणठणीत आहे, तू चुकलीस. एकतीस वर्षं नाही बोलली ती दाढ. सत्तावीस वर्षं मी जिंकत होतो."

"म्हणजे," लेक सावकाश म्हणाली, "तुम्ही त्या दाढेला कोणाला हात लावू देत नव्हता, ते आईच्या आठवणीसाठी नाही?"

"आठवण कशाची? कोणी तपासलं असतं तर ती बरोबर निघाली असती."

"आणि शुक्रवारी कळ आली तेव्हाच तुम्हाला..."

"शुक्रवारी शंका आली. पण दुखत होतं खाली. खाली दुखतंय तर खालचीच असेल, असं म्हणायला जागा होती." सर जरा थांबून म्हणाले, "थोडी."

लेक चार वर्षं नातेवाइकांना ती गोष्ट सांगत आली होती. एका काकूंनी तर ऐकून पदराने डोळे पुसले होते. आता ती आधी लाल झाली, मग स्टुलावर बसली, आणि हसायला लागली. हसता हसता डोळे पुसायला लागली आणि पुसता पुसता परत हसायला लागली. "बाबा, मेलेल्या बायकोशी वाद हरायचा नाही म्हणून तुम्ही दोन चांगल्या दाढा उघडून घेतल्या? आणि तिसरी घेणार होतात?"

"तिसरी हिने उघडली नाही," सर म्हणाले.

एवढंच. त्यात शाबासकी होती की तक्रार, ते शंकाबाईला नीटसं कळलं नाही. तिने तीसुद्धा शंका विचारली नाही. गोळ्या लिहून दिल्या, आठवड्याने परत बोलावलं, आणि राहिलेली वाईट बातमीही देऊन टाकली. खालच्या ज्या दोन निरोगी दाढा उघडल्या गेल्या, त्या आता बंद करून भागणार नव्हतं. त्यांचीही मुळं साफ करून भरावी लागणार होती. म्हणजे ज्या एका उपचाराला भिऊन सरांनी एकतीस वर्षं काढली, तोच त्यांना आता तीन वेळा घ्यायचा होता.

सर हिशेब करत उभे राहिले. "दुखत नाही पण," ते म्हणाले. "मला वाटलं होतं त्याहून बरं आहे. झोप येते मध्ये." मग जिन्यापाशी, लेक पुढे गेल्यावर, ते वळले. "तिला सांगायला हवं होतं. दाढ बोलली म्हणून."

"हो सर."

"तिने सोडलं नसतं मला," ते म्हणाले, आणि कठड्याला धरून, धुळीसकट, एकेक पायरी उतरत गेले.

डब्यातलं जेवण गार झालं होतं. तिने ते तसंच खाल्लं. मावशी उपकरणं धुता धुता म्हणाल्या, "तुमचे सर जरा विचित्रच आहेत," आणि ती म्हणाली, "जरा?"

दोन दिवसांनी सकाळी थरथरचा फोन आला. आवाज पार उतरलेला.

"खरं सांग, सरांना काय झालंय? काही मोठं निघालं का?"

"काही नाही. वरची दाढ होती. का रे?"

"अगं, आत्ता फोन आला होता त्यांचा. म्हणाले, शनिवारी तू बरोबर होतास आणि मी चूक होतो. मी विचारलं, सर, तब्येत बरी आहे ना? तर म्हणाले, उत्तम आहे. मग लोण्यालाही केला म्हणे फोन. लोणी रडतोय. आम्हाला वाटलं, डॉक्टरांनी शेवटचं काही सांगितलं असेल, म्हणून सगळ्यांचा निरोप घेतायत."

ती खुर्चीत मागे टेकून हसली. मग सगळी हकीकत सांगितली, मॅडमची, वाढदिवसांची, पंचेचाळीस सेकंदांची. थरथर मध्ये मध्ये नुसता "नाही गं" म्हणत होता.

"बरं," ती शेवटी म्हणाली, "तुझी खालची दाढ अर्धी राहिलीय. ती पुरी कर."

"मी? तूच कर. त्यांचा तुझ्यावर विश्वास बसलाय आता."

"उघडलीस तू."

"त्यांनी सांगितलं म्हणून उघडली. मीच बरोबर होतो, त्यांनी स्वतः कबूल केलंय."

"मग बरोबर माणसानेच पुरी करावी. आणि सरांनीही तुझंच नाव सांगितलंय. काल लेकीचा फोन होता. म्हणाली, बाबा म्हणतात ज्याने उघडली त्याच्याकडेच जायचं."

पलीकडून बराच वेळ नुसता माशांच्या टाकीतल्या बुडबुड्यांचा आवाज येत राहिला.

"कधी म्हणतायत?" थरथरने विचारलं.

"पुढचा गुरुवार, सकाळी दहा."

थरथरने वही उघडल्याचं तिला ऐकू आलं. गुरुवारी सकाळी त्याच्याकडे पाच पेशंट होते. त्याने तिच्याशी बोलता बोलताच पाचही नावं खोडली आणि शुक्रवारवर टाकली.